डॉक्टरांनीं रंगविलेले दोन मास्तर

चित्रपटांतील नायकाचें नांव घरोघरीं ठाऊक असतें. परंतु त्याचा पिता, गुरु, न्यायाधीश किंवा वैरी होऊन जो कथेला वजन आणतो, त्या चरित्रनटाचा चेहरा तेवढा लोकांच्या लक्षांत राहतो, नांव क्वचितच. कै. डॉ. श्रीराम लागू हे या नियमाला अपवाद ठरले. आमच्या पेठ वडगांवसारख्या बाजाराच्या गांवींही त्यांचें नांव आदरानें घेतलें जातें. शिक्षकी पेशांत आयुष्य घालविलेल्या आम्हांस त्यांच्याविषयीं विशेष आपलेपणा वाटतो, याचें कारण त्यांनीं रंगविलेले दोन मास्तर होत.

डॉक्टरांचा जन्म १६ नोव्हेंबर १९२७ रोजीं सातारा येथें झाला. पुण्यास वैद्यकाचें शिक्षण घेऊन ते कान, नाक व घसा यांचे शल्यवैद्य झाले; टांझानिया देशांतही त्यांनीं व्यवसाय केला. असा स्थिरस्थावर झालेला गृहस्थ १९६९ सालीं, बेचाळिशीच्या उंबरठ्यावर, पूर्ण वेळ नट झाला! आपल्यापैकीं कोणाच्या घरीं असा प्रसंग आला असता तर वडीलधाऱ्यांनीं काय म्हटलें असतें, हें वाचकांनींच मनाशीं ठरवावें. पुढल्याच वर्षीं, १९७० मध्यें, शिरवाडकरांच्या 'नटसम्राट' नाटकांतील अप्पासाहेब बेलवलकर त्यांनीं रंगभूमीवर उभे केले.

पहिला मास्तर १९७२ सालच्या 'पिंजरा' चित्रपटांतील. दिग्दर्शक व्ही. शांताराम कोल्हापूरचे, आणि लेखनास हात लागला तो आमच्याच हातकणंगले तालुक्यांतील पट्टणकोडोलीच्या शंकर पाटलांचा. कथेचें बीज मात्र दूरचें. १९३० सालच्या 'द ब्लू एंजल' या जर्मन चित्रपटांत एमिल यानिंग्स या विख्यात नटानें गायिकेच्या पायीं धुळीस मिळालेला अध्यापक रंगविला होता. आपल्याकडे त्या गायिकेच्या जागीं तमाशांतील नर्तकी आली. गुरुजींचें पतन होतें. गांव त्यांना मृत समजून त्यांचा पुतळा उभारतें. आणि अखेरीस स्वतःच्याच खुनाचा आरोप पत्करून ते फांसावर जातात, कां, तर गांवाच्या मनांतील आदर्श भंगूं नये म्हणून.

दुसरा मास्तर जब्बार पटेलांच्या 'सामना' चित्रपटांतील. विजय तेंडुलकरांनीं लिहिलेला हा चित्रपट १९७५ सालीं बर्लिनच्या महोत्सवांत दाखविला गेला. येथें मास्तर आरंभींच मद्यानें खचलेला, भटक्या. परंतु साखर कारखान्याच्या सर्वसत्ताधीशाचें अन्न खात असतांही नाहींशा झालेल्या एका माणसाचें काय झालें, हें विचारण्याचें तो सोडीत नाहीं. निळू फुले यांच्यासमोर डॉक्टरांचा तो खोल, संथ स्वर ज्यानें ऐकला तो विसरणार नाहीं.

या दोघांपैकीं विद्यार्थ्यांपुढें कोण ठेवावा? पहिल्याचा त्याग मोठा खरा. परंतु तो एका असत्याच्या रक्षणार्थ आहे. दुसऱ्याची अब्रू गेलेली, तरी सत्य सुटलेलें नाहीं. आमच्या मतें शिक्षकाचा मान पुतळ्यांत नसून प्रश्नांत आहे. पतनानंतरही प्रश्न विचारण्याचा अधिकार मनुष्याकडे उरतो, हा धडा कोणत्याही क्रमिक पुस्तकांत आम्हांस आढळला नाहीं.

पुढें हिंदी चित्रपटांनीं डॉक्टरांना पिता, वकील, अधिकारी अशा बहुधा एकाच सांच्याच्या भूमिका दिल्या. तरी 'घरौंदा'तील कामाबद्दल त्यांस फिल्मफेअर पारितोषिक मिळालें, 'गांधी' या १९८२ सालच्या चित्रपटांत ते गोपाळ कृष्ण गोखले झाले, आणि दूरदर्शनवरील 'खानदान' मालिकेमुळें घराघरांत पोहोंचले.

कलावंताची परीक्षा पडद्याबाहेरही होते. यानिंग्सनें आपली कला नाझी राजवटीच्या प्रचारास वाहिली, आणि महायुद्धानंतर त्यास पडदा कायमचा अंतरला. डॉक्टरांनीं आपली प्रतिष्ठा सामाजिक कृतज्ञता निधीसाठीं वेंचली. लोकसेवेस वाहून घेतलेल्या कार्यकर्त्यांस त्यांतून आधार मिळाला. देवाविषयींचीं त्यांचीं मतें आमच्या देवघरास मानवणारीं नव्हतीं. पण तीं त्यांनीं कधीं लपविलीं नाहींत. १७ डिसेंबर २०१९ रोजीं पुण्यांत त्यांचें निधन झालें. घरांतील एखादा मुलगा रूढ वाट सोडूं पाहील, तेव्हां त्यास नकार देण्यापूर्वीं वडीलधाऱ्यांनीं हे दोन्ही मास्तर एकदां अवश्य पाहावेत.