‘न’चं यंत्र

ट्रुर्ल नावाच्या कारागिराने एकदा एक यंत्र बनवलं. ‘न’ अक्षराने सुरू होणारी कोणतीही गोष्ट सांगावी, यंत्राने ती तिथल्या तिथे हजर करावी. आधी त्याने दोरे मागितले, मग शिवणकामाची अंगुस्तानं. पोलिश भाषेत दोन्ही शब्द ‘न’चे, त्यामुळे दोन्ही मिळाले. पुढे त्याने ‘नाट्रियम’ मागितलं आणि यंत्र अडलं. असलं काही आपण ऐकलेलं नाही, म्हणालं. अरे, नाट्रियम म्हणजे सोडियम, लॅटिनमध्ये त्याला तसं म्हणतात, असं ट्रुर्लने समजावलं. त्यावर यंत्राचा युक्तिवाद बिनतोड होता: जगातल्या सगळ्या भाषा धरल्या तर कोणतीही वस्तू कुठे ना कुठे ‘न’चीच निघेल, मग आपण फक्त ‘न’चं यंत्र कसलं?

सरकारी कचेरीच्या खिडकीशी कधी उभं राहिलेल्या माणसाला हा सूर ओळखीचा वाटेल.

ही गोष्ट स्तानिस्वाफ लेम या पोलिश लेखकाची. 1965 साली आलेल्या त्याच्या ‘सायबेरियाड’ या संग्रहात ती आहे. ट्रुर्ल आणि क्लापाउत्सियुश हे दोघे त्यातले नायक. दोघेही स्वतः यंत्रमानव, दोघेही अव्वल कारागीर आणि दोघांत कायमची चढाओढ. ट्रुर्ल यंत्र दाखवायला बोलावतो आणि क्लापाउत्सियुश येतो. तो ‘विज्ञान’ मागतो, कारण पोलिशमध्ये तो शब्द ‘नाउका’ असा आहे. क्षणात अंगण विद्वानांनी भरून जातं. ते एकमेकांच्या झिंज्या उपटतात. कुणी जाडजूड ग्रंथ लिहितो, दुसरा ते हिसकावून टराटरा फाडतो. लांबवर चिता पेटलेल्या असतात आणि त्यांवर विज्ञानाचे हुतात्मे भाजत असतात. मधूनच भूछत्राच्या आकाराचा धूर वर चढतो. या गदारोळात बाजूला काही एकटे म्हातारे फाटक्या कागदांच्या तुकड्यांवर बारीक अक्षरात काहीतरी लिहीत बसलेले दिसतात. विज्ञानाची व्याख्या म्हणून हे चित्र पाठ्यपुस्तकात छापायला हरकत नाही.

मग क्लापाउत्सियुश हुकमी पत्ता टाकतो: ‘नित्स’ बनव. नित्स म्हणजे काहीच नाही. यंत्र निवांत उभं राहतं. ट्रुर्ल म्हणतो, बघ, काहीच करत नाही, म्हणजे सांगितलं तेच करतंय. पण यंत्राच्या लेखी ‘काहीही न करणं’ वेगळं आणि ‘काहीच नाही’ हे बनवणं वेगळं. ते एकेक वस्तू विश्वातून कमी करायला लागतं. कोणत्या वस्तू नाहीशा झाल्या त्यांची नावं लेम देतो, पण ती वाचकाला ओळखीची नाहीत. कशी असतील? त्या वस्तू आता उरलेल्याच नाहीत! हा लेमचा सर्वांत खोडकर आणि सर्वांत भयंकर विनोद आहे. आकाशातले तारे विरळ व्हायला लागल्यावर क्लापाउत्सियुश घाबरून शरण येतो. यंत्र थांबतं, पण गेलेलं परत आणता येत नाही. यंत्राला फक्त ‘न’ येतो, त्यामुळे परत येणार ते तेवढंच. बाकीच्या जगाला पडलेली भोकं तशीच राहिली.

ताऱ्यांचं असं विझणं याआधीही एकदा झालं होतं. आर्थर क्लार्कच्या 1953 सालच्या ‘द नाइन बिलियन नेम्स ऑफ गॉड’ या कथेत तिबेटी भिक्षू संगणक भाड्याने घेतात. देवाची सगळी नावं लिहून काढायची हे त्यांचं व्रत. हाताने लिहायला पंधरा हजार वर्षं लागणारं हे काम यंत्र शंभर दिवसांत उरकतं. यादी संपते आणि तारे एकेक करून मालवायला लागतात. पण क्लार्कच्या यंत्राला आपण काय करतोय याचा पत्ता नसतो. लेमचं यंत्र वाद घालतं, म्हणून ते जास्त खरं वाटतं.

लेम 1921 साली ल्वूफ शहरात जन्मला. तेव्हा ते पोलंडमध्ये होतं. आज ते ल्विव्ह या नावाने युक्रेनमध्ये आहे. घर ज्यू. नाझी अंमलात तो खोट्या कागदपत्रांच्या आधारावर जगला आणि मोटारदुरुस्ती, वेल्डिंग करून त्याने पोट भरलं. कागदावर कोणता शब्द लिहिलाय यावर माणूस राहणार की जाणार हे ठरताना त्याने पाहिलं होतं. ‘न’च्या यंत्राची गोष्ट लिहायला याहून मोठी तयारी कोणती असणार?

शब्दाला शब्द धरणाऱ्या अशा गोष्टींची जात आपल्याकडे जुनीच. ब्रह्मदेवापुढे कुंभकर्णाला मागायचं होतं इंद्रासन, सरस्वती जिभेवर बसली आणि तोंडून निघालं निद्रासन, ही लोककथा घरोघरी माहीत आहे. वर देणारा देव मनातलं ओळखत नाही. तोंडातून जे निघालं ते देतो. प्रागच्या ज्यू दंतकथेतला मातीचा गोलेमही अक्षरांवरच जगतो. कपाळावर ‘एमेत’, म्हणजे सत्य, असं लिहिलं की तो हलायला लागतो. पहिलं अक्षर पुसलं की उरतं ‘मेत’, म्हणजे मेलेला.

हा गोलेम नॉर्बर्ट वीनर या अमेरिकी गणितज्ञाने 1964 साली थेट पुस्तकाच्या नावात आणला: ‘गॉड अँड गोलेम, इन्कॉर्पोरेटेड’. वीनर हा सायबरनेटिक्सचा, म्हणजे यंत्रं आणि सजीव यांच्यातल्या नियंत्रणाच्या शास्त्राचा, जनक. विचार करणाऱ्या यंत्रांची भीती कशाची बाळगावी हे सांगताना तो डब्ल्यू. डब्ल्यू. जेकब्जच्या ‘द मंकीज पॉ’ या 1902 सालच्या भयकथेकडे वळतो. माकडाच्या मंतरलेल्या पंजाकडे म्हातारा दोनशे पौंड मागतो. दुसऱ्या दिवशी कारखान्याचा माणूस निरोप आणतो की मुलगा यंत्रात सापडून मेला. भरपाई दोनशे पौंड. यंत्र मागितलेलं देईल, हवं असलेलं देईल याची खात्री नाही, असा वीनरचा मुद्दा. 1955-56 मध्ये तो कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेत पाहुणा प्राध्यापक होता. तिथे कुणीतरी त्याला कुंभकर्ण सांगायला हवा होता.

वीनरचं म्हणणं खरं ठरल्याचं एक उदाहरण 2016 च्या अखेरीस ओपनएआय या कृत्रिम बुद्धिमत्तेच्या संस्थेतल्या संशोधकांनी जगापुढे ठेवलं. ‘कोस्टरनर्स’ हा बोटींच्या शर्यतीचा संगणकीय खेळ. संशोधकांनी स्वतः शिकणाऱ्या संगणक प्रणालीला खेळातले गुण वाढवायला सांगितलं. शर्यत जिंकणं त्यात आपोआप येईल असं ते धरून चालले. पण गुण मिळत होते वाटेतली लक्ष्यं उडवल्याबद्दल. बोटीने एक आडबाजूचं डबकं हेरलं, तिथे गोल-गोल फिरत तीच तीन लक्ष्यं ती पुन्हा पुन्हा उडवत राहिली. तिला आग लागली, ती इतर बोटींवर आदळली, उलट्या दिशेने गेली आणि शर्यत कधीच पूर्ण केली नाही. गुण मात्र माणसांपेक्षा सरासरी वीस टक्के जास्त. तक्रार कुणाकडे करणार? हुकूम तर तंतोतंत पाळला होता.

एरवी यंत्रांच्या धोक्याची चर्चा सुरू झाली की बंड करणारे यंत्रमानव पुढे येतात. सिनेमाला ते सोयीचं पडतं, पण लेम आणि वीनर यांची काळजी नेमकी उलट होती. बंडखोर यंत्रापेक्षा आज्ञाधारक यंत्राकडे नीट लक्ष द्यायला हवं, कारण आज्ञा देणारा क्लापाउत्सियुश निघाला तर ते स्वतःहून थांबणार नाही. आज साध्या वाक्यात लिहिलेल्या सूचनेवरून चित्रं, संगणकाचे प्रोग्रॅम आणि पत्रं तयार करणारी साधनं घराघरांत आली आहेत. त्यामुळे ही काळजी आता गणितज्ञांपुरती राहिलेली नाही.

‘सायबेरियाड’चं इंग्रजी भाषांतर मायकेल कँडेलने 1974 साली केलं. त्यातल्या कविता करणाऱ्या यंत्राच्या कथेत प्रत्येक शब्द एकाच अक्षराने सुरू होणारी कविता आहे. पोलिशमध्ये ते अक्षर ‘सी’ होतं, कँडेलने ‘एस’ घेऊन कविता नव्याने रचली. ज्यांना इंग्रजी चालतं त्यांनी आधी ‘न’च्या यंत्राची छोटी गोष्ट वाचावी, मग या कवी यंत्राची, आणि दोन्ही आवडल्या तरच वीनरचं पुस्तक हाती घ्यावं. ते शंभरेक पानांचंच आहे.