बर्फाळ जमिनीवरचा गरम नळ

थंडीच्या दिवसांत सकाळी खोबरेल तेलाची बाटली उपडी केली, तर तेल बाहेर येत नाही. ते थिजलेले असते. मग आई ती बाटली उन्हात किंवा गरम पाण्याच्या भांड्यात ठेवते आणि थोड्या वेळाने तेलाची धार पडू लागते. आता अशी कल्पना करा, की बाटलीऐवजी सुमारे १,३०० किलोमीटर लांबीचा पोलादी नळ आहे. बाहेरच्या हवेचे तापमान हिवाळ्यात शून्याखाली ५० अंश सेल्सिअसपर्यंत उतरते. तरीही नळातले तेल एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत अखंड वाहत राहिले पाहिजे.

यात अवघड ते काय, तेल गरम ठेवले की झाले, असे तुम्ही म्हणाल. पण हा नळ ज्या जमिनीवरून न्यायचा, ती जमीन बर्फामुळेच टणक राहिलेली आहे. तेल थंड झाले तर नळ तुंबणार आणि गरम ठेवले तर नळाखालची जमीनच वितळणार! अमेरिकेच्या अलास्का राज्यात ५० वर्षांपूर्वी हा पेच खरोखरच उभा राहिला होता. तो कसा सुटला आणि त्यावरून केवढे वाद झाले, ते आपण पाहू.

तेल सापडले, पण कोठे?

१९६८ साली अलास्काच्या अगदी उत्तर किनाऱ्यावर प्रुढो बे येथे खनिज तेलाचा प्रचंड साठा सापडला. उत्तर अमेरिकेतील तो सर्वांत मोठा साठा ठरला. परंतु तेथील समुद्र वर्षातील बहुतेक काळ गोठलेला असतो. १९६९ साली 'मॅनहॅटन' नावाचे तेलवाहू जहाज मुद्दाम मजबूत करून त्या बर्फातून नेऊन पाहण्यात आले. जहाज पार गेले, पण नेहमीच्या वाहतुकीसाठी हा मार्ग परवडणारा नाही, एवढेच त्यातून सिद्ध झाले.

दुसरा मार्ग जमिनीवरचा. अलास्काच्या दक्षिण किनाऱ्यावर व्हॅल्डीझ नावाचे बंदर आहे. तेथील पाणी हिवाळ्यातही गोठत नाही. प्रुढो बेपासून व्हॅल्डीझपर्यंत नळ टाकला, तर पुढे तेल जहाजांनी नेता येईल. अंतर १,२८७ किलोमीटर, म्हणजे मुंबईहून दिल्लीला रेल्वेने जाताना जवळजवळ जेवढे पडते तेवढे. वाटेत तीन पर्वतरांगा आणि असंख्य नद्या. तेल कंपन्यांनी १.२२ मीटर व्यासाचे नळ १९६९ सालीच जपानकडून मागवले. इतर देशांत टाकतात तसा नळ बहुतेक ठिकाणी जमिनीत पुरायचा, असा त्यांचा बेत होता.

कागदावरचे गणित

अलास्काच्या बऱ्याच भागात वरचा हातभर थर उन्हाळ्यात वितळतो, पण त्याखालची माती हजारो वर्षे गोठलेलीच आहे. अशा जमिनीला 'पर्माफ्रॉस्ट' म्हणतात. आपण तिला 'कायम गोठलेली जमीन' म्हणू. या मातीत काही ठिकाणी बर्फाचे प्रमाण फार मोठे असते. बर्फ घट्ट आहे तोवर ही जमीन दगडासारखी टणक असते. बर्फ वितळला, की तिचा चिखल होतो.

प्रुढो बेचे तेल अडीच किलोमीटरहून अधिक खोलीवरून येते. पृथ्वीच्या पोटात उष्णता असल्याने ते वर येते तेव्हा चांगलेच गरम असते. त्यातच नळातून वाहताना होणाऱ्या घर्षणामुळेही उष्णता निर्माण होते. असा गरम नळ गोठलेल्या जमिनीत पुरला तर काय होईल? अमेरिकेच्या भूवैज्ञानिक सर्वेक्षण संस्थेतील आर्थर लाकेनब्रुक या शास्त्रज्ञांनी उष्णतावहनाचे आणि बर्फाच्या अप्रकट उष्म्याचे नियम वापरून हे गणित मांडले. त्यांचा अहवाल १९७० साली प्रसिद्ध झाला. जमिनीत सुमारे दोन मीटर खोल पुरलेला, ८० अंश सेल्सिअस तापमानाचा नळ थोड्याच वर्षांत आपल्याभोवती ६ ते ९ मीटर व्यासाचा भाग वितळवील आणि वीस वर्षांत ही वितळण १० मीटरपेक्षाही खोल जाईल, असे त्यांचे उत्तर आले. उतारावर हा चिखल वाहू लागला, तर नळाचा आधारच नाहीसा होऊन तो वाकेल, कदाचित फुटेल.

मग नळाला उष्णतारोधक आवरण घातले तर? येथे एक गोष्ट ध्यानात ठेवा. आवरणामुळे उष्णता थांबत नाही, तिचा वेग फक्त कमी होतो. नळातून वर्षानुवर्षे गरम तेल वाहत राहिले, तर वितळणे उशिरा होईल एवढेच.

वाद कोणाकोणात?

तेल कंपन्या आणि अलास्कातील अनेक नागरिक यांना नळ हवा होता. राज्याचे उत्पन्न वाढेल, लोकांना काम मिळेल, देशाला परदेशी तेलावर कमी अवलंबून राहावे लागेल, असे त्यांचे म्हणणे होते. ते खोटे नव्हते.

विरोधकांची बाजूही तितकीच खरी होती. अलास्कातील मूळ रहिवासी म्हणत होते, की ही जमीन आमच्या पूर्वजांची आहे आणि ती आम्ही कोणाला विकलेली नाही. निसर्गसंरक्षक संस्थांना गोठलेल्या जमिनीची आणि कळपाने स्थलांतर करणाऱ्या कॅरिबू हरणांची काळजी होती. कॉर्डोव्हा गावच्या मच्छीमारांना वाटत होते, की नळ कदाचित टिकेलही, पण व्हॅल्डीझच्या खाडीतून तेलाची जहाजे जाऊ लागली, की आमच्या मासळीचे काय?

मोठ्या प्रकल्पाचा पर्यावरणावर काय परिणाम होईल, हे सरकारने आधी अभ्यासून लिहून काढले पाहिजे, असा कायदा अमेरिकेत १९७० च्या प्रारंभी लागू झाला होता. त्याच्या आधारे संस्था न्यायालयात गेल्या आणि एप्रिल १९७० मध्ये काम थांबवण्याचा आदेश मिळाला. मागवलेले नळ तसेच पडून राहिले. १९७१ च्या डिसेंबरात मूळ रहिवाशांच्या हक्कांचा कायदा झाला. त्यांना सुमारे १ कोटी ७८ लाख हेक्टर जमीन आणि ९६ कोटी डॉलरहून अधिक रक्कम देण्याचे ठरले.

तरीही वाद संपला नाही. १७ जुलै १९७३ रोजी, पुढे या प्रकल्पाला न्यायालयात अडवू नये, अशा दुरुस्तीवर अमेरिकेच्या सेनेटमध्ये ४९ विरुद्ध ४९ अशी समसमान मते पडली. शेवटी उपाध्यक्ष स्पिरो ॲग्न्यू यांच्या निर्णायक मताने ती मंजूर झाली. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये अरब देशांनी अमेरिकेला तेल देणे थांबवले, तेलाची टंचाई निर्माण झाली आणि वारे फिरले. १६ नोव्हेंबर १९७३ रोजी परवानगीचा कायदा झाला.

या साडेतीन वर्षांच्या खोळंब्यात एक मोठी गोष्ट घडली. नळाचा आराखडा बदलला.

पेच कसा सुटला?

जेथे खालची जमीन खडकाळ किंवा कोरडी, तेथे नळ पुरायचा. जेथे बर्फाळ, तेथे तो खांबांवर उचलून हवेतून न्यायचा, असे ठरले. त्यामुळे एकूण लांबीपैकी सुमारे ६७६ किलोमीटर, म्हणजे निम्म्याहून अधिक नळ जमिनीच्या वर आहे. त्यासाठी सुमारे ७८,००० खांब रोवावे लागले. नळाभोवती साडेनऊ सेंटिमीटर जाडीचे काचतंतूंचे आवरण आहे. नळाखालून हरणांना जाता यावे म्हणून पाचशेहून अधिक ठिकाणी तो मुद्दाम आणखी उंच उचलला आहे.

पण नळ हवेत आणला, की दुसरी अडचण उभी राहते. हिवाळ्यात रिकामा नळ शून्याखाली ५० अंशांवर असेल आणि त्यात तेल आल्यावर तो ६० अंशांपर्यंत तापेल. फरक ११० अंशांचा. पोलादाचा एकरेषीय प्रसरणांक दर अंशाला सुमारे ०.००००१२ आहे. म्हणून एक किलोमीटर नळाच्या लांबीत होणारी वाढ अशी :

१,००० मी. × ०.००००१२ × ११० = १.३२ मीटर

म्हणजे किलोमीटरमागे जवळजवळ शाळकरी मुलाच्या उंचीएवढी! रेल्वेच्या रुळांत ठेवतात तशी फट तेलाच्या नळात ठेवता येत नाही. म्हणून हा नळ सरळ न टाकता नागमोडी टाकला आहे. लांबी वाढली, की प्रत्येक वळण किंचित बाजूला सरकते. नळ खांबांना पक्का जखडलेला नाही. दोन खांबांमधील आडव्या तुळईवर टेफ्लॉनचा थर दिलेल्या बैठकींवरून तो घसरू शकतो.

तिसरी युक्ती मला सर्वांत आवडते. नळ उचलला तरी खांब जमिनीतच रोवलेले. त्यांच्यातून उष्णता खाली गेली तर? यासाठी बहुतेक खांबांच्या आत दोन-दोन बंद नळ्या बसवल्या. अशा नळ्या सुमारे सव्वा लाख आहेत. प्रत्येकीत थोडा अमोनिया भरलेला असतो आणि वरच्या टोकाला ॲल्युमिनियमच्या पट्ट्या असतात. हिवाळ्यात हवा जमिनीपेक्षा पुष्कळ थंड असते. तळाचा द्रव अमोनिया जमिनीची उष्णता घेऊन उकळतो, त्याची वाफ वर जाते, थंड हवेमुळे ती पुन्हा द्रव होते आणि नळीच्या कडेने खाली ओघळते. जाताना ती जमिनीची उष्णता हवेत सोडून आलेली असते. उन्हाळ्यात वरचे टोक गरम असल्याने वाफेचा द्रव होतच नाही आणि हे चक्र आपोआप थांबते. म्हणजे उष्णता बाहेर जाऊ शकते, पण या मार्गाने आत येऊ शकत नाही. ना वीज, ना पंप, ना फिरता भाग!

परीक्षेचे दिवस

२० जून १९७७ रोजी नळात तेल सोडले आणि २८ जुलैला ते व्हॅल्डीझला पोहोचले. खर्च आला सुमारे ८०० कोटी डॉलर.

३ नोव्हेंबर २००२ रोजी खरी परीक्षा झाली. नळ जेथे डेनाली विभंग, म्हणजे भूकवचातील भेग, ओलांडतो त्या भागात ७.९ प्रतीचा भूकंप झाला. जमीन बाजूला सुमारे सव्वाचार मीटर सरकली. तेथे नळ लांब तुळयांवर सरकता ठेवलेला होता. काही आधार मोडले, पण नळ फुटला नाही.

माणसापुढे मात्र नळाचे चालले नाही. १९७८ साली कोणीतरी स्फोट करून त्याला भोक पाडले, तर २००१ साली एकाने बंदुकीची गोळी झाडली. दोन्ही वेळा लाखो लिटर तेल सांडले.

मच्छीमारांची भीती २४ मार्च १९८९ रोजी खरी ठरली. व्हॅल्डीझहून निघालेले 'एक्झॉन व्हॅल्डीझ' हे जहाज खडकावर आपटले आणि सुमारे ४ कोटी लिटर तेल समुद्रात गेले. लाखो समुद्रपक्षी मेले. ज्या नळावरून सर्वांत जास्त वाद झाला तो शाबूत राहिला आणि साखळीची दुसरी कडी तुटली. पाइपलाइनचा विचार करताना केवळ नळाचा विचार करून भागत नाही, विहिरीपासून जहाजापर्यंत सगळी साखळी पाहावी लागते, हा धडा फार महागात पडला.

दुसऱ्या बाजूचा हिशोबही मांडला पाहिजे. तेलाच्या उत्पन्नातून अलास्काने १९७६ साली एक कायम निधी उभारला आणि १९८२ पासून त्यातून रहिवाशांना दरवर्षी लाभांश दिला जाऊ लागला. शाळा, रस्ते, दवाखाने यांनाही हा पैसा लागला.

नवा पेच

१९८८ साली नळातून दररोज सुमारे २० लाख पिंपे तेल वाहत होते. एक पिंप म्हणजे १५९ लिटर. तेव्हा तेल साडेचार दिवसांत व्हॅल्डीझला पोहोचे. साठा आटत गेला, तसा प्रवाह २०२० नंतर रोज पाच लाख पिंपांच्याही खाली आला. नळ तेवढाच, प्रवाह चौथाई. म्हणून प्रवासाचा काळ चौपटीहून जास्त झाला. इतके दिवस थंडीत राहिल्यावर तेल निवते, त्याचा चिकटपणा, म्हणजे श्यानता, वाढते आणि त्यातले मेण नळाच्या आतल्या भिंतीवर बसते. ते खरवडण्यासाठी 'पिग' नावाचे दट्ट्यासारखे यंत्र तेलाबरोबर आतून सोडतात. काही ठिकाणी तर तेल पुन्हा तापवावे लागते. आपली खोबरेल तेलाची बाटली येथे परत भेटते!

दुसरा पेच अधिक गंभीर आहे. तेल जाळल्याने हवेतील कार्बन डायॉक्साइड वाढतो, पृथ्वी तापते आणि तिच्याबरोबर ही गोठलेली जमीनही. २०२१ साली एका उतारावरची जमीन वितळून खांब कलू लागल्यामुळे तेथे जादा शीतनळ्या बसवण्याची परवानगी द्यावी लागली. १९७० साली प्रश्न होता, की नळाच्या उष्णतेने जमीन वितळेल काय? तो गणिताने आणि अमोनियाने सोडवला. आजचा प्रश्न असा आहे, की नळातून गेलेले तेल हजारो मैलांवर जळाल्यामुळे जमीन वितळते आहे. याला नळीत भरलेला अमोनिया पुरणार नाही.

करून पाहा

बर्फाचे दोन सारखे तुकडे घ्या. एकावर गरम पाण्याने भरलेली स्टीलची वाटी थेट ठेवा. दुसऱ्यावर जाड फडक्याची घडी ठेवून वर तशीच वाटी ठेवा. दर मिनिटाला बर्फात किती खळगा पडला ते मोजा आणि आलेख काढा. फडक्याने वितळणे थांबले, की फक्त लांबले? लाकेनब्रुक यांनी मांडलेल्या गणिताची सुरुवात तुमच्या स्वयंपाकघरातच होईल.