मेस्त्रींच्या घरचा चित्रकर्मी

कामगारांत वावरणारे आम्ही सिनेमावर बोलतो याचे नवल वाटेल. पण कोल्हापूरचे बाबूराव पेंटर (१८९०–१९५४) मूळचे मेस्त्री, आमच्यासारखेच स्वतः शिकलेले. त्यांनी नाटकांचे पडदे रंगविले, मूर्ती घडविल्या आणि नात्यातले बंधू आनंदराव यांच्यासह कॅमेऱ्याची खटपट आरंभिली. १९१६ साली आनंदराव वारले. बाबूरावांनी यंत्र पुरे केले. १९२० साली त्यांचा ‘सैरंध्री’ पडद्यावर आला. पुढे १९२५ च्या ‘सावकारी पाश’मध्ये कर्जापायी जमीन गेलेला शेतकरी शहरात गिरणीकामगार होतो, ती भूमिका व्ही. शांताराम यांची. पुराणकथा दाखविणाऱ्या पडद्यावर बाबूरावांनी गहाणखत आणले. आजही देवरीहून गाठोडे घेऊन परमुलुखात कामाला निघालेला गडी दिसला, की आम्हांला तीच कथा आठवते.