कान्हेरीच्या भिक्षुणी

बोरिवलीच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात, बिबट्यांच्या जंगलात, काळ्या पाषाणात कोरलेली कान्हेरीची शंभराहून अधिक लेणी आहेत. तिथल्या ब्राह्मी लेखांत घरदार सोडून प्रव्रज्या घेतलेल्या स्त्रियाही भेटतात. धेनुकाकटच्या धमनकाची मुलगी सापा ही त्यांतली एक. थेर (ज्येष्ठ भिक्षू) बोधिक तिचे गुरू. बहीण रतिनिकेसह तिने इथे लेणे कोरवून भिक्षुसंघाला दान दिले.

अरण्यातला एकांत भिक्षुणींना परका नव्हता. बुद्धांच्या काळात श्रावस्तीजवळच्या अंधवनात सोमा, उत्पलवर्णा या भिक्षुणी एकट्या ध्यानाला बसत. ‘थेरीगाथा’ हा अशा स्त्रियांच्या नावावरील रचनांचा संग्रह. श्वापदांपेक्षा त्यांना धोका होता तो माणसाचा. उत्पलवर्णा रानातल्या कुटीत राहत असताना एका पुरुषाने लपून बसून तिच्यावर बलात्कार केला, असे धम्मपदाची अट्ठकथा (टीका) सांगते. त्यानंतर बुद्धांच्या सांगण्यावरून राजा प्रसेनजिताने भिक्षुणींसाठी नगरात निवास बांधला. भिक्षुणीने अरण्यात राहू नये, असा नियम विनयाच्या ‘चुल्लवग्गा’त आहे. एकटीने गावात जाणे, नदी ओलांडणे, रात्री संघापासून दूर राहणे, हेही निषिद्ध ठरले. भिक्षूंना मात्र अरण्यवास खुला राहिला. नियमामागे काळजी होती हे खरे. तरी गुन्हा पुरुषाचा आणि रान बंद झाले ते स्त्रीला, हा अन्याय त्यात उरतोच.

कदाचित म्हणूनच कान्हेरीत भिक्षुणी दिसतात त्या प्रामुख्याने दात्री म्हणून, आणि त्यांनी दिले ते डोंगरावर तग धरायला लागणारेच. इथे पाऊस चार महिने कोसळतो. पुढे आठ महिने कातळ कोरडा. त्यामुळे लेण्यांच्या माथ्यावरून पन्हळी कोरून पाणी टाक्यांत उतरवले गेले. अनेक विहारांच्या दाराशीच टाके आहे, आत झोपायला दगडी ओटा. टाक्याला लेखांत ‘पोढी’ म्हणतात. एका भिक्षुणीने लेण्याबरोबर पोढीही दिली आहे. कल्याणच्या दामिलेचे दानही लेणे आणि पोढी असेच आहे. अपरांताची (कोकणची) भोजिकी, म्हणजे मोठ्या अधिकारी घराण्यातली स्त्री, अशी तिची ओळख लेखात येते. अन्न भिक्षेतून आणि दानातून मिळे. वस्त्रांचा खर्च ‘अक्षयनीवी’तून भागे: मूळ रक्कम तशीच ठेवून फक्त व्याज वापरायचे. सापाने लेण्यासोबत अशी अक्षयनीवीही ठेवली, भिक्षूंच्या चीवरांसाठी.