निवडयादीबाहेरचा खेळाडू

परीक्षा कशासाठी घ्यायची, असा प्रश्न शिक्षकांच्या बैठकीत निघाला की उत्तर ठरलेले असते: कोणाला किती येते ते कळावे म्हणून. पण बऱ्याचदा परीक्षेचे काम याहून वेगळे असते. जागा थोड्या असतात, इच्छुक पुष्कळ असतात आणि पुढे कोण चांगले काम करील हे आजच ओळखायचे असते. असे भाकीत करणारी चाचणी कितपत विश्वासार्ह असते? हा प्रश्न तपासायला आम्ही थोडे दूरचे उदाहरण घेतले आहे. ते आहे अमेरिकन फुटबॉलमधले. तिथे निवड, चाचणी आणि पुढची कामगिरी या तिन्हींचे आकडे वर्षानुवर्षे नोंदलेले असतात, त्यामुळे ताळा करून पाहणे सोपे जाते.

खेळाची तोंडओळख

अमेरिकन फुटबॉल म्हणजे आपला पायाने खेळायचा फुटबॉल नव्हे. यातला चेंडू लांबट, दोन्ही टोकांना निमुळता असतो आणि बहुतेक वेळ तो हातात धरूनच खेळतात. मैदान १०० यार्ड, म्हणजे सुमारे ९१ मीटर लांब असते. प्रत्येक बाजूला अकरा खेळाडू असतात. चेंडू ज्या संघाकडे असेल त्याला चार प्रयत्नांत किमान १० यार्ड पुढे सरकावे लागते. ते जमले तर पुन्हा चार प्रयत्न मिळतात, नाही तर चेंडू प्रतिपक्षाकडे जातो. चेंडू फेकणाऱ्या खेळाडूला क्वार्टरबॅक म्हणतात. धावत पुढे जाऊन ती फेक झेलणारा तो वाइड रिसीव्हर. त्याला झेल घेऊ न देण्यासाठी प्रतिपक्षाचा एक बचावपटू त्याच्या अंगाला चिकटून धावत असतो.

व्यावसायिक संघांची संघटना दर वर्षी महाविद्यालयीन खेळाडूंची वाटणी करते. या पद्धतीला ‘ड्राफ्ट’ म्हणतात. ती १९३६ साली सुरू झाली. आदल्या हंगामात तळाला राहिलेल्या संघाला निवडीचा पहिला मान मिळतो. सध्या सात फेऱ्या होतात आणि त्यांत अडीचशेच्या आसपास खेळाडू निवडले जातात. त्यापूर्वी इंडियानापोलिस शहरात निमंत्रित खेळाडूंची चाचणी होते. उंची आणि वजन मोजतात. ४० यार्ड धावण्याची वेळ घेतात. उभी उडी, लांब उडी आणि वळणे घेत धावणे यांच्या नोंदी होतात. २२५ पौंडांची, म्हणजे सुमारे १०२ किलोग्रॅमची कांब पाठीवर आडवे पडून किती वेळा उचलता येते, तेही पाहतात.

कोणालाच नको असलेला

वेस वेल्कर हा १९८१ साली जन्मलेला, ओक्लाहोमा सिटीचा मुलगा. उंची ५ फूट ९ इंच आणि वजन सुमारे ८४ किलोग्रॅम. रस्त्यावर भेटला तर तो आपल्याला धडधाकट वाटेल, पण या खेळात ही चण लहान समजली जाते. शाळेत तो चमकला होता, तरी विद्यापीठांनी त्याच्याकडे पाठच फिरवली. अखेर टेक्सास टेक विद्यापीठात दुसऱ्या एका खेळाडूने आयत्या वेळी नकार दिला म्हणून रिकामी झालेली शिष्यवृत्ती त्याला मिळाली. तिथल्या चार वर्षांत त्याने २५९ झेल घेतले. प्रतिपक्षाने लाथाडून दिलेला चेंडू परत आणून थेट गुण मिळवण्याचा पराक्रम त्याने आठ वेळा केला. हा त्या वेळच्या महाविद्यालयीन विक्रमाशी बरोबरी करणारा आकडा होता.

तरीही २००४ साली त्याला इंडियानापोलिसच्या चाचणीचे निमंत्रण आले नाही. ड्राफ्टच्या सातही फेऱ्या झाल्या, पण त्याचे नाव कोणी पुकारले नाही. अशा खेळाडूंना कोणताही संघ थेट करार देऊ शकतो. सॅन दिएगोच्या संघाने त्याला घेतले आणि एका सामन्यानंतर सोडून दिले. मग मायामीच्या संघाने त्याला उचलले. १० ऑक्टोबर २००४ रोजी न्यू इंग्लंडविरुद्धच्या सामन्यात मायामीचा नेहमीचा किकर जायबंदी होता. त्या दिवशी दोन्ही प्रकारचे परतीचे चेंडू घेऊन धावणे, मैदानी गोल मारणे, जादा गुणाची किक मारणे आणि प्रतिपक्षाच्या खेळाडूला पाडणे ही सारी कामे वेल्करने एकाच सामन्यात केली.

२००७ साली त्याच न्यू इंग्लंडने आपले दोन ड्राफ्टचे हक्क मायामीला देऊन त्याला मागून घेतले. ज्याच्यासाठी तीन वर्षांपूर्वी शेवटच्या फेरीतला हक्कही कोणी खर्च केला नव्हता, त्याच्यासाठी आता दुसऱ्या आणि सातव्या फेरीचे हक्क मोजले गेले. पुढील सहा हंगामांत त्याचे झेल असे होते: ११२, १११, १२३, ८६, १२२ आणि ११८. एकूण ६७२. यांपैकी २००७ (बरोबरीने), २००९ आणि २०११ या हंगामांत साऱ्या संघटनेत त्याचेच झेल सर्वाधिक होते. २०१० साली ते ८६ वर आले, त्याचे कारणही ध्यानात घ्यायला हवे. त्या वर्षी जानेवारीत त्याच्या गुडघ्याचा अस्थिबंध तुटला होता आणि सप्टेंबरमध्ये तो पुन्हा मैदानात उतरला होता. कारकीर्दीच्या अखेरीस त्याच्या नावावर ९०३ झेल आणि ९९२४ यार्ड जमा होते.

मीटरभर मोकळी जागा

मग चाचण्या घेणाऱ्यांना काय दिसले नाही? थोडे गणित करू.

समजा, दोन धावपटू आहेत. ४० यार्ड, म्हणजे ३६.६ मीटर अंतराला एकाला ४.४० सेकंद लागतात आणि दुसऱ्याला ४.६५. शेवटी त्यांचा वेग सेकंदाला ९ मीटरच्या घरात असतो. म्हणून अंतिम रेषेवर दोघांमध्ये ०.२५ × ९, म्हणजे सव्वादोन मीटर अंतर पडते. हे खूपच झाले. पण वेल्कर बहुतेक झेल क्वार्टरबॅकपासून थोड्याच अंतरावर, मैदानाच्या मध्यभागी घेत असे. तिथे सारा खेळ पहिल्या पाच-सात मीटरमध्येच होतो आणि तेवढ्यात या दोघांमध्ये फार तर फूटभर अंतर पडते.

आता दुसरी बाजू पाहू. कोणत्या दिशेला वळायचे हे रिसीव्हर ठरवतो. बचावपटूला ते पाहून मग वळावे लागते. डोळ्याने पाहिले, मेंदूने ओळखले आणि स्नायू हलले, याला माणसाला सुमारे ०.२ सेकंद लागतात. दोघेही सेकंदाला ५ मीटर वेगाने धावत असतील, तर तेवढ्या वेळात बचावपटू जुन्याच दिशेने एक मीटर पुढे जातो. म्हणजे योग्य क्षणी घेतलेले एक वळण मीटरभर मोकळी जागा मिळवून देते. झेल घ्यायला तेवढी पुरते. वेल्करच्या धावण्यात पुष्कळदा दिशा आधी ठरलेली नसे. बचावपटू कोणत्या बाजूला झुकला आहे ते पाहून तो उलट दिशेला वळे आणि क्वार्टरबॅकही तेच ओळखून चेंडू फेकी. हे पाहणे आणि ओळखणे कोणत्याच घड्याळाने मोजले जात नव्हते.

लहान चणीचाही इथे काहीसा फायदा असतो. स्नायूचे बल त्याच्या आडव्या छेदाच्या क्षेत्रफळावर, म्हणजे लांबीच्या वर्गावर अवलंबून असते. वस्तुमान मात्र लांबीच्या घनाच्या प्रमाणात वाढते. ५ फूट ९ इंच आणि ६ फूट ३ इंच उंचीच्या दोन प्रमाणबद्ध व्यक्तींची तुलना केली, तर उंचींचे गुणोत्तर ०.९२ येते. म्हणजे दर किलोग्रॅममागे बुटक्याचे बल आठ-नऊ टक्के अधिक. स्वतःभोवती वळताना जो विरोध होतो ते जडत्व आघूर्ण लांबीच्या पाचव्या घाताने वाढते. ०.९२ चा पाचवा घात सुमारे ०.६६, म्हणजे बुटक्याचे आघूर्ण उंच माणसाच्या दोन-तृतीयांश. माणसे इतकी प्रमाणबद्ध नसतात हे खरे, पण कल कोणीकडे आहे ते यातून कळते. याचा अर्थ उंची निरुपयोगी असा मात्र नाही. लांबवरची, डोक्यावरून आलेली फेक झेलायला उंचीच कामी येते. काम कोणते आहे त्यावर कोणता गुण मोलाचा हे ठरते.

निवडलेल्यांचीच मोजदाद

२००८ साली फ्रँक कुझमिट्स आणि आर्थर अ‍ॅडम्स या दोघांनी या चाचण्यांचा पडताळा घेतला. १९९९ ते २००४ या सहा वर्षांत ड्राफ्टमध्ये निवडलेल्या क्वार्टरबॅक, रनिंगबॅक आणि वाइड रिसीव्हर खेळाडूंचे चाचणीतले आकडे त्यांनी पुढच्या कामगिरीशी जुळवून पाहिले. रनिंगबॅकच्या धावण्याच्या वेळा सोडल्या तर दोहोंत सातत्याने दिसणारा संबंध त्यांना आढळला नाही.

‘म्हणजे चाचण्या निकामी!’ असे म्हणण्याचा मोह होईल. पण थांबायला हवे. अभ्यास निवडलेल्या खेळाडूंचा होता आणि मुळात निवडच बऱ्याच अंशी चाचण्या पाहून झालेली होती. असे झाले की संबंध असला तरी पुसट होतो. हे वर्गात सहज दाखवता येते. पहिली ते दहावीच्या मुलांची उंची आणि लांब उडी मोजा व आलेख काढा. उंच मुलांची उडी लांब, असा स्पष्ट संबंध दिसेल. आता केवळ दहावीतली सर्वांत उंच दहा मुले घ्या. संबंध जवळपास नाहीसा होईल. उंचीचा उडीवरचा परिणाम थांबला असे झालेले नाही. सगळेच उंच झाल्यावर फरक पाडणारी बाकीची कारणे पुढे आली, इतकेच.

उलट बाजूनेही सावध राहायला हवे. एका वेल्करवरून निवडपद्धत चुकीची ठरत नाही. रॉड स्मिथ हा रिसीव्हरही १९९४ साली ड्राफ्टबाहेर राहिला आणि पुढे त्याने डेन्व्हरसाठी ८४९ झेल घेतले. अशी नावे आपल्याला माहीत आहेत, कारण ती माणसे यशस्वी झाली. करार मिळून दोन महिन्यांत घरी परतलेल्यांची नावे कोणी लिहीत नाही. शिवाय पहिल्या फेरीत निवडलेल्या खेळाडूवर संघाने मोठी रक्कम लावलेली असते. त्याला दोन-तीन हंगाम चुका करायला मुभा मिळते. यादीबाहेरच्याला मात्र एका सामन्यात निरोप मिळू शकतो, आणि सॅन दिएगोत तसेच झाले. ज्याला अधिक संधी मिळाली तो अधिक यशस्वी झाला, तर ते चाचणीचे यश की संधीचे?

न भरलेला रकाना

या प्रश्नाशी आमचाही संबंध आला आहे. काही वर्षांपूर्वी संशोधनवृत्तीसाठी विद्यार्थी निवडणाऱ्या एका समितीवर आम्ही होतो. जागा मोजक्या आणि अर्ज शेकडो, म्हणून लेखी गुणांची एक रेषा आखली आणि तिच्याखालचे अर्ज बाजूला ठेवले. त्यांतल्या एका अर्जाला दोन वह्या जोडलेल्या होत्या. त्या मुलीने आपल्या गावातल्या विहिरींच्या पाण्याची पातळी दोन वर्षे दर आठवड्याला मोजून लिहिली होती, एकही आठवडा न चुकता. आम्ही वह्या चाळल्या, कौतुक केले आणि अर्ज गठ्ठ्यात परत ठेवला. नियम सर्वांना सारखा हवा, हे आमचे कारण होते आणि ते खोटेही नव्हते. पुढे निवडलेले विद्यार्थी चांगले निघाले, तेव्हा आमची पद्धत योग्य होती असे अहवालात आम्हीच लिहिले. आता कळते की तो पुरावा अर्धाच होता. नाकारलेल्यांचे काय झाले, हा रकाना आमच्या तक्त्यात नव्हताच.

वेल्करच्या गोष्टीलाही दुसरी बाजू आहे. मैदानाच्या मध्यभागी झेल घेणाऱ्यावर दोन्हीकडून माणसे आदळतात. २०१३ च्या हंगामात त्याच्या मेंदूला दोनदा आणि ऑगस्ट २०१४ मध्ये पुन्हा एकदा धक्का बसला. २०१५ हा त्याचा शेवटचा हंगाम ठरला. पुढे तो प्रशिक्षक झाला. डोक्यावर वारंवार बसणाऱ्या आघातांचे दूरगामी परिणाम होतात, हे आता चांगलेच ठाऊक झाले आहे. तेव्हा ‘जिद्द असली की सारे जमते’ असा धडा या गोष्टीतून काढू नये. त्या जिद्दीची किंमतही मोजावी लागली.

वर्गात करून पाहा

एका विद्यार्थ्याने ३० सेंटिमीटरची पट्टी उभी धरावी. दुसऱ्याने शून्याच्या खुणेपाशी अंगठा आणि बोट उघडे ठेवावे. न सांगता पट्टी सोडली की दुसऱ्याने ती पकडावी. पट्टी १५ सेंटिमीटर घसरली तर प्रतिसादाचा काळ ०.१७ सेकंद, २० सेंटिमीटर घसरली तर ०.२० आणि २५ सेंटिमीटरला ०.२३ सेकंद. (सूत्र नेहमीचेच: अंतर = अर्धा × गुरुत्वत्वरण × काळाचा वर्ग.) प्रत्येकाने दहा वेळा करून सरासरी काढावी. मग मुलांना विचारावे: खो-खोमध्ये सर्वांत चांगला गडी कोण? आणि त्याचाच आकडा सर्वांत कमी आला आहे का?

बहुधा यादी तंतोतंत जुळणार नाही. ती का जुळत नाही, याची कारणे मुलांनाच शोधू द्यावीत. आणि जाता जाता आपल्या निकालपत्रकाच्या कडेला पेन्सिलीने एक रकाना आखून ठेवावा. परीक्षेने जे विचारलेच नाही, पण या मुलाला जे येते, ते लिहिण्यासाठी.