खाणकामगारांची सरगम

वेल्श माणसाच्या रक्तातच गाणं असतं, असं सगळे म्हणतात. शाळेत समूहगान शिकवण्यात माझं आयुष्य गेलं आणि मला हे मुळीच पटत नाही. सूर रक्तातून येत नाही. तो शिकवावा लागतो, घोटून घ्यावा लागतो. वेल्समध्ये तो कोणी आणि कसा घोटून घेतला, हे कळायला ट्रिऑर्की गावच्या पुरुष गायकवृंदाची, म्हणजे ट्रिऑर्की मेल क्वायरची, गोष्ट पुरेशी आहे.

ट्रिऑर्की हे दक्षिण वेल्समधल्या रॉन्दा खोऱ्यातलं गाव. १८५१ साली या अख्ख्या खोऱ्यात हजारभरही वस्ती नव्हती. मग कोळसा निघाला आणि १९११ पर्यंत वस्ती दीड लाखाच्या वर गेली. पोटासाठी आलेल्यांत तरुण पुरुषांचा भरणा मोठा. आठवडाभर ते जमिनीच्या पोटात आणि रविवारी चॅपलमध्ये. ही चॅपलं इंग्लंडच्या सरकारमान्य चर्चपासून फुटून निघालेल्या पंथांची, कामगारांनी स्वतःच्या वर्गणीतून बांधलेली. तिथे गाणं ऐकायला कोणी बसत नसे. सगळ्यांनी गायचं, आणि तेही एका सुरात नव्हे, चार वेगवेगळ्या स्वरपंक्तींत.

पियानो नाही, पाश्चात्त्य पाच रेघांची स्वरलिपी वाचता येत नाही, मग हे जमलं कसं? त्याचं श्रेय मी सारा ग्लोव्हर या इंग्लिश शिक्षिकेला देते. रविवारच्या शाळेतल्या मुलांना गाता यावं म्हणून तिनं स्वरांना अक्षरं दिली. जॉन कर्वेन या धर्मोपदेशकानं ती पद्धत घासूनपुसून ‘टॉनिक सोल-फा’ या नावानं सर्वत्र पोचवली. डो, रे, मी यांची नुसती आद्याक्षरं, आणि ताल दाखवायला उभ्या रेघा नि टिंबं. ‘डो’ कुठल्याही पट्टीत धरावा, बाकीचे स्वर त्याच्या नात्यानं बसतात. आपला षड्ज आणि आपली सरगम याच तत्त्वावर चालते, त्यामुळे मराठी वाचकाला हे चटकन उमगेल. साध्या छापखान्यातल्या खिळ्यांनी हे संगीत छापता येई, म्हणून ते स्वस्त पडे. चॅपलच्या भिंतीवर स्वरांचा तक्ता टांगलेला असे. शिक्षक छडी फिरवी तसे सगळे गात. ज्यांना शाळा धड मिळाली नव्हती, अशी माणसं हँडल या पाश्चात्त्य संगीतकाराच्या रचना कागदावरून वाचून गाऊ लागली. मला यापुढे राजदरबारातली सगळी मानपत्रं फिकी वाटतात.

या शिकवणीला धार आली स्पर्धांमुळे. ‘आयस्टेदवॉद’ म्हणजे काव्य-संगीताचा वेल्श मेळावा. तो गावात, चॅपलमध्ये, अगदी पबमध्येही भरे. १८८३ साली ट्रिऑर्कीच्या ‘रेड काऊ’ हॉटेलात भरलेल्या अशाच एका मेळाव्यात गावातल्या तरुणांनी एक पौंडाचं बक्षीस मिळवलं. क्वायरची सुरुवात तिथून धरतात. पुढे विल्यम टॉमस या संचालकाच्या हाताखाली ही मंडळी इतकी तयार झाली, की १८९५ मध्ये विंडसरच्या राजवाड्यात राणी व्हिक्टोरियासमोर गायली.

या वृंदाचे चार गट: पहिले टेनर, दुसरे टेनर, बॅरिटोन आणि बास. बायका नाहीत. चॅपलमध्ये बायका गातच होत्या, पण खाणीखाली काम करायला त्यांना १८४२ च्या कायद्यानं बंदी होती. पुरुषांचे वृंद एकाच खाणीत, एकाच पाळीत राबणाऱ्यांच्या सोबतीतून उभे राहिले. पुरुष तालमीला जात तेव्हा पोरं आणि चूल घरच्या बाईच्या गळ्यात असे. तिचं नाव कुठल्याही कार्यक्रमपत्रिकेवर छापलेलं नाही, म्हणून इथे मुद्दाम लिहिते.

इतिहास सलग नाही. क्वायर मोडली, पुन्हा उभी राहिली; दुसऱ्या महायुद्धात तर बंदच पडली. १९४६ मध्ये जॉन हेडन डेव्हिस यांनी ती नव्यानं बांधली. ते पेशानं शाळामास्तर. १९६९ पर्यंत त्यांनी तिचं संचालन केलं आणि राष्ट्रीय आयस्टेदवॉदमध्ये पुन्हा पुन्हा पहिला क्रमांक आणला.

मला सगळ्यात प्रिय आहे तो ऑक्टोबर १९५७ चा प्रसंग. कृष्णवर्णीय अमेरिकन गायक पॉल रोबसन यांचा पासपोर्ट त्यांच्या राजकीय मतांमुळे सरकारनं १९५० मध्ये काढून घेतला होता. दक्षिण वेल्सच्या खाणकामगार संघटनेला तर ते आपल्या मेळाव्यात हवे होते. अटलांटिकच्या तळाशी टेलिफोनची तार नुकतीच पडली होती. रोबसन न्यूयॉर्कमध्ये मायक्रोफोनपुढे उभे राहिले आणि वेल्समधल्या पोर्थकॉलच्या सभागृहात हजारो माणसांनी त्यांचं गाणं ऐकलं. ट्रिऑर्कीच्या गायकांनी त्याच तारेवरून त्यांना गाऊन उत्तर दिलं. त्याचं ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे. आवाजात खरखर आहे, तरी जरूर ऐका. पुढच्याच वर्षी रोबसन यांची साठी भारतात साजरी झाली, तेव्हा त्या समितीचे अध्यक्ष होते मुंबई उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश एम. सी. छागला. पासपोर्ट रोबसन यांना १९५८ मध्येच परत मिळाला.

सोल-फाचा धागा भारतातही पोचला आहे. वेल्श मिशनरी १८४१ मध्ये खासी टेकड्यांत आले, नंतर मिझोराममध्ये. मिझो चर्चची भजनं आजही याच अक्षरी स्वरलिपीत छापली जातात आणि सामान्य माणसं ती वाचून चार स्वरपंक्तींत गातात. वेल्श रक्त तिथे कुठून येणार? शिकवणी मात्र आली होती.

रॉन्दामधली शेवटची खाण, मार्डी, डिसेंबर १९९० मध्ये बंद झाली. खोऱ्यात आज एकही खाण चालू नाही. क्वायर मात्र गाते आहे.

आपल्या मुख्याध्यापकांना माझी हात जोडून विनंती आहे: परीक्षा जवळ आली की संगीताचा तास गणिताला देऊ नका. आणि त्या तासाला पोरांकडून नुसती स्वागतगीतं पाठ करून घेण्याऐवजी फळ्यावर सरगम लिहा, ती त्यांना वाचायला शिकवा.