पॅट्रिक केरी : आयरिश भूमीचा छायालेखक

अनुबोधपटात छायालेखकाचे नाव बहुधा दिग्दर्शकाच्या सावलीत राहते. पॅट्रिक केरी हा याला अपवाद म्हणावा लागेल. आपल्या प्रमुख आयरिश लघुपटांचे दिग्दर्शन व छायालेखन त्याने स्वतःच केले.

आयर्लंडविषयीचा अनुबोधपट म्हटला की प्रथम आठवतो तो रॉबर्ट फ्लाहर्टीचा ‘मॅन ऑफ अ‍ॅरन’ (१९३४). त्यातील शार्कची शिकार अ‍ॅरन बेटांवर कित्येक दशकांपूर्वीच बंद पडली होती. पडद्यावरील कुटुंबदेखील निरनिराळ्या घरांतील माणसे जमवून उभे केलेले होते. केरीची वाट निराळी. त्याच्या चित्रांत प्रदेश हाच नायक असतो, आणि प्रदेशाकडून अभिनय करवून घेता येत नाही; योग्य उजेडाची वाट पाहावी लागते.

‘येट्स कंट्री’ (१९६५) हा लघुपट येट्सच्या जन्मशताब्दीच्या वर्षी आयरिश परराष्ट्र खात्यासाठी तयार झाला. (‘गीतांजली’च्या प्रस्तावनेमुळे हा कवी आपल्याला परका नाही.) कवितेच्या ओळी ऐकू येत असता पडद्यावर तिची जन्मभूमी दिसते : स्लायगोचा परिसर, बेन बल्बेनचा सपाट माथा, ड्रमक्लिफची दफनभूमी. येट्सचे निधन १९३९ मध्ये फ्रान्समध्ये झाले. १९४८ साली त्याचे अवशेष ड्रमक्लिफला आणण्यात आले. अशा विषयात चित्र हे कवितेचे निव्वळ भाषांतर होण्याचा धोका असतो. केरी तो बव्हंशी टाळतो, कारण डोंगरावरून सरकणारी ढगांची छाया त्याला ओळीइतकीच बोलकी वाटते. या लघुपटाला ऑस्करचे नामांकन लाभले. पत्नी व्हिव्हियनसह केलेल्या ‘ओशीन’लाही (१९७०) तोच मान मिळाला. तेथे तर निवेदनही नाही; निसर्गाचे ध्वनी तेवढे आहेत. तीनशे वर्षांनी मायदेशी परतणाऱ्या पुराणनायकाचे नाव या शब्दहीन चित्राला साजते.

तरीही एक शंका उरते. १९६१ च्या शिरगणतीत आयर्लंडच्या प्रजासत्ताकाची लोकसंख्या अवघी २८ लाखांवर आली होती. पश्चिमेकडील गावे स्थलांतराने ओस पडत होती. शासनाच्या खर्चाने परदेशांत दाखविल्या जाणाऱ्या रम्य, निर्जन टेकड्यांमागील ही कहाणी प्रेक्षकास कशी कळावी? केरीच्या सौंदर्यदृष्टीविषयी मला आदर आहे, पण या प्रश्नाचे उत्तर त्याच्या चौकटीत सापडत नाही.

त्याचे काम आयर्लंडपुरते मर्यादित नव्हते. ‘वाइल्ड विंग्ज’ या त्याने सहदिग्दर्शित केलेल्या पक्षीविषयक ब्रिटिश लघुपटाला ऑस्कर मिळाले, आणि कुब्रिकच्या ‘बॅरी लिंडन’ (१९७५) मधील दुसऱ्या पथकाचे छायालेखनही त्याच्याकडे होते. त्या चित्रपटाचे बरेचसे चित्रण आयर्लंडमध्येच झाले.